बर्नार्डचे घराणे

फ्रँक सरदारांना आडनाव नसे. नवव्या शतकातल्या एखाद्या दानपत्रावर नुसते ‘काउंट बर्नार्ड’ असे लिहिलेले सापडले, तर हा कुठला आणि कोणाचा, हे ठरवताना अभ्यासकांचा कस लागतो. कारण त्या काळात बर्नार्ड पैशाला पासरी होते. तरीही घराण्यांचा माग काढता येतो, तो दोन गोष्टींमुळे. एक म्हणजे, घराण्यात तीच ती नावे फिरून ठेवली जात. आजोबांचे नाव नातवाला, काकांचे पुतण्याला. दुसरे म्हणजे, मठाला जमीन देताना देणारा आपल्या माणसांची नावे लिहून देई, आणि त्या सर्वांच्या आत्म्यासाठी भिक्षूंनी प्रार्थना करावी अशी अट घाली. जमीन मठाकडे राही, म्हणून कागद मठ जपून ठेवी. राजवाडे जळाले, सरदारांच्या गढ्या मातीला मिळाल्या, पण अशा याद्या उरल्या.

सेप्टिमानियाच्या बर्नार्डच्या बाबतीत याद्यांपलीकडचेही काही उरले आहे. त्याच्या बायकोने एक अख्खे पुस्तक लिहिले. त्यामुळे हजार-बाराशे वर्षांपूर्वीच्या एका फ्रँक सरदाराचे घर आपल्याला आतून पाहता येते. युरोपच्या त्या काळात अशी संधी फार क्वचित मिळते.

घराण्याचे नाव काढले ते बर्नार्डच्या वडिलांनी. त्यांचे नाव विल्यम. सम्राट शार्लमेनच्या घराण्याशी त्यांचे रक्ताचे नाते होते. ७९० च्या सुमारास ते तुलूजचे काउंट झाले. पिरेनीज पर्वतापलीकडे कोर्दोबाच्या उमय्यद अमीराचे राज्य होते, आणि त्या सीमेची राखण विल्यमकडे होती. ७९३ मध्ये कोर्दोबाचे सैन्य नारबॉनपर्यंत आले, तेव्हा ऑर्बियू नदीकाठी विल्यमने त्यांच्याशी लढाई दिली. तिच्यात विल्यमचा पराभव झाला, पण आलेले सैन्य पुढे न सरकता लूट घेऊन परतले. ८०१ मध्ये बार्सिलोना फ्रँकांच्या हाती आले. त्या वेढ्यातही विल्यम पुढे होते. पुढे ऐन भरात असताना त्यांनी सगळे सोडले. ८०४ मध्ये एरो नदीच्या खोऱ्यातल्या जेलोन या एकांत जागी त्यांनी मठ उभारला आणि ८०६ मध्ये स्वतः तिथे भिक्षू होऊन राहिले. चर्चने त्यांना संत मानले, भाटांनी त्यांच्यावर वीरकाव्ये रचली. फ्रान्समधल्या त्या गावाला आजही त्यांचेच नाव आहे: सँ-गिलेम-ल-देझेर. जेलोनच्या दानपत्रात विल्यमनी आपले आईवडील, भाऊ, बहिणी, दोन्ही बायका आणि मुले यांची नावे घातली आहेत. या घराण्याच्या वंशावळीचा पाया तो कागद आहे.

बर्नार्डला वडिलांकडून जमीन मिळाली, नाव मिळाले आणि दरबारात सहज प्रवेश मिळाला. शार्लमेनचा मुलगा सम्राट लुई याने बर्नार्डच्या बाप्तिस्म्याच्या वेळी त्याला धर्मपुत्र मानले होते. पण वडिलांची काउंटपदे आपोआप मुलाकडे येत नसत. फ्रँक सरदाराकडे दोन प्रकारची मालमत्ता असे. वडिलोपार्जित जमीन त्याची स्वतःची होती. काउंटपद आणि त्याबरोबरची जमीन मात्र राजाने दिलेली असे, आणि राजाची मर्जी फिरली की ती परत जाई. मराठी वाचकाला वतन आणि सरंजाम यांतला फरक ठाऊक आहे. तोच इथे डोळ्यांपुढे ठेवावा. बर्नार्डचे मोठेपण जवळजवळ सगळे दुसऱ्या प्रकारचे होते. त्याच्या आयुष्यातली प्रत्येक चढउतार याच एका गोष्टीतून समजते.

२९ जून ८२४ रोजी आखेनच्या राजवाड्यात बर्नार्डचे धुओदाशी लग्न झाले. तारीख आपल्याला ठाऊक आहे, कारण ती धुओदाने स्वतः लिहून ठेवली. २९ नोव्हेंबर ८२६ रोजी त्यांना पहिला मुलगा झाला. रिवाजाप्रमाणे त्याला आजोबांचे नाव मिळाले: विल्यम.

त्याच वर्षी बर्नार्ड बार्सिलोनाचा काउंट झाला, आणि लागलीच संकट आले. आयझो नावाचा एक सरदार आखेनहून निसटून सीमाभागात गेला, त्याने बंड केले आणि कोर्दोबाकडे मदत मागितली. ८२७ मध्ये अमीराचे सैन्य बार्सिलोना आणि जिरोनाचा मुलूख उजाड करत फिरले. बर्नार्डने दोन्ही शहरे राखली. सम्राटाने पाठवलेली कुमक मात्र वाटेत रेंगाळली आणि शत्रू परतल्यावर पोचली. तिचे सेनापती होते तूरचा काउंट ह्यू आणि ऑर्लेआँचा काउंट मातफ्रिड. ८२८ मध्ये सम्राटाने दोघांचीही पदे काढून घेतली. हा ह्यू सम्राटाच्या थोरल्या मुलाचा, लोथारचा, सासरा होता. बर्नार्डला आपला विजय असा महागात पडला. लोथारच्या गोटाने त्याच्याशी उभा दावा मांडला.

दरबारात आधीच धुमसत होते. लुईने ८१७ मध्ये तीन मुलांत राज्याची वाटणी करून टाकली होती. पुढे बायको वारल्यावर त्याने जुडिथशी लग्न केले आणि ८२३ मध्ये तिला चार्ल्स झाला. चौथ्याला वाटा द्यायचा तर तिघांच्या वाट्यांना कात्री लावावी लागणार होती. ८२९ मध्ये लुईने चार्ल्सच्या नावे मुलूख केला आणि त्याच वेळी बर्नार्डला दरबारात आणून खजिना आणि राजवाड्याचा कारभार पाहणारा मुख्य अधिकारी नेमले. सहा वर्षांच्या चार्ल्सची राखणही त्याच्याकडे सोपवली. थोरल्या तिघा मुलांच्या डोळ्यांदेखत सीमेवरचा एक सरदार सम्राटानंतरचा माणूस झाला.

वर्ष सरायच्या आत आवई उठली की बर्नार्डचे सम्राज्ञीशी अनैतिक संबंध आहेत. कॉर्बीच्या मठातल्या पास्कासियस राडबर्टस या भिक्षूने पुढे याविषयी लिहिले, तेव्हा त्याने बर्नार्डवर व्यभिचाराबरोबर जादूटोण्याचाही आरोप केला. तो बर्नार्डच्या शत्रुपक्षाचा माणूस होता, हे वाचताना विसरता कामा नये. माझ्या मते या आरोपाचे मूळ त्याच्या पदात होते. खजिना सम्राज्ञीच्या देखरेखीखाली असे, म्हणून त्या अधिकाऱ्याला तिच्याकडे रोज जावे लागे. राजाच्या घरातली शिस्त बिघडली असे एकदा लोकांच्या मनात भरवले, की राजाला राज्य चालवण्याचा अधिकार उरला नाही हे वेगळे सांगावे लागत नसे. बाण बर्नार्डला लागला, पण नेम लुईवर होता.

८३० मध्ये मुलांनी उठाव केला. लुईने बर्नार्डला पळून जायला सांगितले आणि तो बार्सिलोनाला निघून गेला. जुडिथला प्वातिएच्या मठात कोंडले. बर्नार्डचा भाऊ हेरिबर्ट हाती लागला, त्याचे डोळे काढले. काही महिन्यांत पारडे फिरले आणि लुई पुन्हा बळकट झाला. ८३१ मध्ये तिओनव्हिलच्या सभेत बर्नार्ड हजर झाला आणि म्हणाला की, आरोप करणाऱ्याने समोर यावे, मी शस्त्राने द्वंद्व करून निर्दोष ठरेन. कोणीही पुढे आले नाही. तेव्हा शपथ घेऊन तो आरोपातून मोकळा झाला. खजिन्याचे पद मात्र त्याला परत मिळाले नाही. नाराज होऊन तो सम्राटाचा दुसरा मुलगा पिपिन याच्या बाजूला गेला आणि ८३२ मध्ये उरलेली पदेही गमावून बसला.

८३४ चा घाव सगळ्यांत खोल होता. लोथारने सोन नदीवरचे शालों शहर घेतले, लुटले आणि जाळले. बर्नार्डचा भाऊ गोसेल्म तिथे सापडला. त्याचे डोके उडवले. बहीण गर्बेर्गा जोगीण होती. तिच्यावर चेटूक आणि विषप्रयोगाचा आळ घेतला. लोथारच्या सल्लागारांच्या बायकांनी तिचा निवाडा केला, असे थेगान हा इतिहासकार लिहितो. तिला दारूच्या पिंपात घालून ते पिंप नदीत बुडवले. राज्याच्या भांडणाशी या बाईचा संबंध इतकाच की ती बर्नार्डची बहीण होती. घराण्याचे वैर घराण्यातल्या कोणाकडूनही वसूल करता येते, हा त्या काळचा न्याय होता.

पुढच्या वर्षी बर्नार्डला सेप्टिमानिया परत मिळाला. ऱ्होन नदीपासून पिरेनीजपर्यंतची ही किनारपट्टी, आणि पलीकडे बार्सिलोना. धुओदा नवऱ्याच्या आज्ञेने यूझेस गावी राहून तिथून घराचा आणि मुलखाचा कारभार सांभाळत होती. बर्नार्डच्या सीमेवरच्या गरजा भागवण्यासाठी तिने कर्जे काढली, ख्रिस्ती सावकारांकडून आणि ज्यू सावकारांकडूनही. कारणही तिने स्पष्ट लिहिले आहे. काही पुरुष बायको-मुलाला सोडून देतात, तसे आपल्या नवऱ्याने आपल्याला आणि विल्यमला सोडू नये, म्हणून ती हे करत होती. इतक्या मोठ्या घरातल्या बाईला हे भय होते.

जून ८४० मध्ये सम्राट लुई वारला आणि मुलांत उघड युद्ध पेटले. एका बाजूला लोथार आणि त्याचा पुतण्या, धाकटा पिपिन. दुसऱ्या बाजूला चार्ल्स आणि त्याचा सावत्र भाऊ, जर्मनीचा लुई. अ‍ॅक्विटेनवर चार्ल्स आणि पिपिन दोघेही हक्क सांगत होते, आणि बर्नार्डचा मुलूख त्याला लागूनच. त्याने पिपिनशी करार केलेला होता आणि चार्ल्सलाही तोडून टाकले नव्हते. २५ जून ८४१ रोजी फोंत्नुआला लढाई झाली. बर्नार्ड आपली माणसे घेऊन तीन-चार कोसांवर थांबून राहिला. त्याने कोणालाही मदत केली नाही. चार्ल्सचा पक्ष जिंकल्याचे कळताच त्याने साडेचौदा वर्षांच्या विल्यमला चार्ल्सकडे पाठवले. मुलगा राजाच्या पदरी राहील, बदल्यात बर्गंडीतली पदे मुलाला मिळावीत. ही हकिकत नितार्ड सांगतो. तो शार्लमेनचा नातू, त्या लढाईत चार्ल्सच्या बाजूने स्वतः लढलेला, त्यामुळे बर्नार्डविषयी त्याच्या मनात प्रेम असण्याचे कारण नव्हते. तरी व्यवहार उघड आहे. विल्यमला दरबारात शिकायला मिळणार होते, आणि तो ओलीसही होता.

त्याच वर्षी २२ मार्चला धुओदाला दुसरा मुलगा झाला होता. बाप्तिस्मा व्हायच्या आतच बर्नार्डने यूझेसचे बिशप एलेफांटस आणि इतर माणसांकरवी त्या तान्ह्याला आपल्याकडे अ‍ॅक्विटेनमध्ये आणवले. धुओदा लिहायला बसली तेव्हा तिला त्याचे नावही ठाऊक नव्हते.

३० नोव्हेंबर ८४१ रोजी, थोरल्याला पंधरा वर्षे पूर्ण झाली त्याच्या दुसऱ्या दिवशी, तिने पुस्तकाला हात घातला आणि २ फेब्रुवारी ८४३ रोजी ते संपवले. भाषा लॅटिन. सुरुवातीच्या कवितेतल्या आद्याक्षरांतून मुलाला आईचा निरोप मिळावा, असा तिचा बेत आहे. प्रार्थना कशी करावी, काय वाचावे, दरबारात वडीलधाऱ्यांशी आणि बरोबरीच्यांशी कसे वागावे, अंकांमागे कोणते धर्मार्थ आहेत, असे बरेच काही त्यात आहे. धाकट्याला वाचता येऊ लागले की हे पुस्तक त्यालाही दाखव, असे ती थोरल्याला बजावते.

एक दृष्टांत मला विशेष वाटतो. हरणांचा कळप रुंद पाणी पोहून जातो, तेव्हा प्रत्येक हरीण आपली मान पुढच्याच्या पाठीवर टेकवते. सर्वांत पुढचे दमले की ते मागे जाते आणि दुसरे पुढे होते. असे आळीपाळीने भार वाहत सगळे पैलतीर गाठतात. दरबारात थोरामोठ्यांनी आणि लहानांनी एकमेकांना असे सांभाळावे, असे ती मुलाला सांगते. ज्या राजघराण्याच्या भांडणात तिच्या दिराचे डोळे काढले गेले, त्याच राजघराण्याच्या दरबारातल्या मुलाला ती हे लिहीत होती.

निष्ठेविषयी तिने जे लिहिले तो या पुस्तकाचा कणा आहे. देवानंतर कोण? जगात राजाचे स्थान वरचे मानतात हे तिला माहीत आहे, आणि ते ती नोंदवतेही. पण तिचे सांगणे असे की, ज्याच्या पोटी जन्म घेतला त्या वडिलांची आज्ञा आधी, राजा चार्ल्स त्यानंतर. बायबलमधला अबशालोम बापावर उलटला आणि त्याचा नाश झाला, याची ती आठवण देते. सम्राट लुईच्या मुलांनी काय केले ते ताजे होते, त्यामुळे वाचणाऱ्याला रोख कळत असणार. लगेच ती हेही बजावते की स्वामीशी बेइमानी कधी करू नकोस, आपल्या घराण्यात ती कधी झाली नाही आणि होणार नाही. दोन्ही आज्ञा एकाच वेळी पाळता येतील अशी तिची श्रद्धा होती. बाप आणि राजा एकमेकांसमोर उभे राहिले तर काय करायचे, हा प्रश्न तिने उघडपणे घेतलेला नाही. पण क्रम लावून दिला होता.

मग ती घराण्यातल्या मृतांची नावे देते आणि त्यांच्यासाठी प्रार्थना कर म्हणते. आठ नावे आहेत. आजोबा विल्यम, त्यांच्या दोन्ही बायका कुनेगुंड आणि विटबुर्गा, आणि थिओडोरिक. हे थिओडोरिक तिच्या मुलाचे, धाकट्या विल्यमचे, नातलग आणि धर्मपिताही. त्यांनी त्याला स्वतःच्या पहिल्या मुलासारखे मानून आपली मालमत्ता त्याच्या नावे केली होती. आणखी दोन नावे वार्नर आणि रोथलिंडिस यांची. उरलेली दोन म्हणजे गर्बेर्गा आणि गोसेल्म: पिंपात घालून बुडवलेली आत्या आणि शिरच्छेद झालेले काका. कोण कसे मेले याविषयी ती अवाक्षर काढत नाही. हेरिबर्टकाका तेव्हा हयात होते. ते गेले की त्यांचेही नाव या यादीत लिहवून घे, अशी सूचना ती देते. स्वतःच्या माहेरचे एकही नाव तिने घातलेले नाही. तिच्या लेखी मुलाचे घराणे म्हणजे बापाचे घराणे, आणि सून म्हणून आल्यावर ते तिचेही झालेले.

शेवटाकडे ती कर्जांचा विषय काढते. बरीच फेडली, काही राहिली आहेत. मी गेल्यावर कोणाचे देणे उरले असेल तर शोधून काढ आणि फेड. आपल्या थडग्यावर कोरायच्या ओळीही तिने रचून ठेवल्या आहेत. त्यानंतर धुओदाचे नाव कुठल्याही कागदात येत नाही. पुस्तक मात्र टिकले: नीम शहरात काही जुनी पाने, बार्सिलोनात चौदाव्या शतकातली नक्कल आणि पॅरिसमध्ये सतराव्या शतकातली.

ऑगस्ट ८४३ मध्ये वर्दूंच्या तहाने तिघा भावांनी राज्य वाटून घेतले. पश्चिम भाग चार्ल्सला मिळाला आणि त्याला अ‍ॅक्विटेनकडे वळायला हात मोकळे झाले. ८४४ मध्ये त्याने तुलूजला वेढा घातला. बर्नार्ड त्याच्या हाती लागला. फ्रँक सरदारांनी त्याला राजद्रोही ठरवले आणि चार्ल्सच्या हुकमाने त्याचा वध झाला. लहानपणी ज्याच्या राखणीत होता, त्याच माणसाला वीस-एकवीस वर्षांच्या राजाने मृत्युदंड दिला.

विल्यम तेव्हा सतरा वर्षांचा होता. तो पिपिनला जाऊन मिळाला. आईने लावून दिलेल्या क्रमाप्रमाणे पाहिले तर त्याच्यापुढे दुसरी वाट नव्हती. पित्याला मारणाऱ्या राजाच्या पदरी राहणे म्हणजे पित्याला सोडणे. ८४८ मध्ये त्याने, बळापेक्षा युक्तीने, आंपुरियास आणि बार्सिलोना घेतले. आजोबांनी जिंकलेले आणि बापाने राखलेले शहर पुन्हा घराण्याकडे आले. दोनच वर्षांत तिथेच दगा देऊन त्याला पकडले आणि मारले. तो तेवीस वर्षांचा होता.

धाकट्याला बापाचेच नाव मिळाले होते: बर्नार्ड. ८६४ मध्ये, पीत्रच्या सभेतून चार्ल्सची परवानगी घेऊन तो आपल्या मुलखाकडे निघाला आणि रात्री सशस्त्र माणसांसह परत येऊन जंगलात दबा धरून बसला. बापाचा वध करवणाऱ्या राजालाच मारण्याचा त्याचा बेत होता, असे काही म्हणत. काहींच्या मते राजाच्या दोघा बड्या सरदारांना. कट फुटला, तो पळाला, पदे गेली. ही नोंद लिहिणारा रॅंसचा आर्चबिशप हिंकमार त्याला बापाच्या वळणावर गेलेला मुलगा म्हणतो. बहुतेक अभ्यासकांच्या मते हाच पुढचा बर्नार्ड प्लांटापिलोसा. त्याने कुवतीने, लढाईने आणि राजे बदलत गेले तसतशा नव्या तडजोडींनी सगळे परत मिळवले. ओव्हेर्न, मग सेप्टिमानिया, ८८० मध्ये माकों. ८८५-८८६ च्या सुमारास तो मेला तेव्हा दक्षिणेत त्याच्या तोडीचा सरदार नव्हता. आणि त्याचा मुलूख राजाकडे परत गेला नाही. तोपर्यंत राजे इतके दुबळे झाले होते की बापाची पदे मुलाकडे जाणे ही रीत झाली होती.

त्या मुलाचे नाव अर्थातच विल्यम. अ‍ॅक्विटेनचा ड्यूक, लोक त्याला धर्मनिष्ठ विल्यम म्हणत. माकोंच्या मुलखात क्लूनी नावाची एक जागा त्याला बहीण आव्हाकडून मिळाली होती. ९१० मध्ये बूर्ज शहरी दानपत्र करून त्याने तिथे मठ स्थापला. आईवडील, बायको, बहीण आणि नातलगांच्या आत्म्यांसाठी प्रार्थना व्हावी, असे त्यात लिहिले. शिवाय एक अट घातली: या मठावर राजा, बिशप, काउंट, स्वतः विल्यम आणि त्याचे वंशज यांपैकी कोणाचीही सत्ता चालणार नाही. मठ संत पीटर आणि संत पॉल यांच्या मालकीचा आणि पोपच्या रक्षणाखाली. पणजोबांचा सरंजाम राजाच्या मर्जीवर होता, आजोबांनी आपला दोनदा गमावला आणि शेवटी जीवही; हे दान मात्र कोणाच्याच मर्जीवर राहणार नव्हते. विल्यमच्या मागे मुलगा उरला नाही. ९१८ मध्ये तो वारल्यावर डची बहिणीच्या मुलांकडे गेली आणि दहा वर्षांत त्यांच्याही हातून सुटली. क्लूनीची सनद मात्र पाळली गेली, आणि पुढच्या दोन शतकांत युरोपभरचे शेकडो मठ त्या मठाच्या शिस्तीखाली आले.